पवनेचे पाणी : वाटा आणि परतावा

पिंपरी-चिंचवड शहरास २५ नोव्हेंबर २०१९ पासून दिवसाआड पाणी देण्यास प्रारंभ झाला, तेव्हा ही व्यवस्था तात्पुरती असल्याचे सांगण्यात आले होते. पुढे ती वर्षानुवर्षे चालू राहिली आणि नागरिकांच्या अंगवळणीही पडली. त्या वर्षीच्या पावसाळ्यात पवना धरण काठोकाठ भरलेले होते हे लक्षात घेतले म्हणजे या कपातीचे कारण आकाशात शोधण्यात अर्थ नव्हता, हे उघड होते. धरणात पाणी होते, पण शहराच्या नळाला नव्हते. ज्या शहराची लोकसंख्या १९८१ साली अडीच लाखांच्या घरात होती ते २०११ च्या जनगणनेत सव्वासतरा लाखांवर गेले आणि त्यानंतरही थांबले नाही. रावेतच्या बंधाऱ्यावरून पाणी उचलण्याची, ते निगडीस शुद्ध करण्याची आणि घरोघर पोहोचविण्याची व्यवस्था मात्र त्या वेगाने वाढू शकली नाही. यावर महापालिकेकडे एक तयार उत्तर होते. ते उत्तर ९ ऑगस्ट २०११ रोजी मावळात बऊर येथे रक्ताने माखले आणि तेव्हापासून हा प्रश्न केवळ अभियंत्यांचा उरलेला नाही.

त्या उत्तराचे नाव बंद जलवाहिनी. पवना धरणातून नदीपात्रात सोडलेले पाणी सुमारे पस्तीस किलोमीटर वाहत रावेतला येते व तेथे ते उचलले जाते. त्याऐवजी धरणापासून निगडीपर्यंत नळ टाकून पाणी थेट आणावे, अशी ही योजना २००८ च्या सुमारास जवाहरलाल नेहरू राष्ट्रीय नागरी पुनर्निर्माण योजनेखाली मंजूर झाली. मावळच्या शेतकऱ्यांनी तीस कडाडून विरोध केला. ऑगस्टच्या नऊ तारखेस, म्हणजे क्रांतिदिनीच, पुणे-मुंबई द्रुतगती मार्गावर झालेल्या आंदोलनावर पोलिसांनी गोळीबार केला आणि त्यात एका महिलेसह तीन शेतकरी मृत्युमुखी पडले. काम थांबले. चौकशी आयोग नेमला गेला. बारा वर्षांनी, २०२३ मध्ये, शासनाने स्थगिती उठविली. परंतु मावळचा विरोध काही शासकीय आदेशाने उठत नाही.

या वादात दोन्ही बाजूंजवळ सांगण्याजोगे काही आहे, आणि म्हणूनच तो चिघळला आहे. महापालिकेचे म्हणणे असे की, उघड्या पात्रातून येणाऱ्या पाण्याची वाटेत नासाडी होते, वाटेतल्या वस्त्यांची घाण त्यात मिसळते आणि पावसाळ्याच्या तोंडी गढूळ पाणी शुद्ध करताना यंत्रणा मेटाकुटीस येते. हे म्हणणे खोटे नाही. मावळच्या शेतकऱ्याचे म्हणणे असे की, ज्यास महापालिका नासाडी म्हणते त्याच पाण्यावर काठच्या गावांचे उपसा सिंचन, विहिरी आणि गुरेढोरे जगतात. नदी नळात घातली की तिचे पात्र उन्हाळ्यात कोरडे पडणार आणि मग काठच्या विहिरींनाही त्याची झळ पोहोचणार. शिवाय १९७२ साली पुरे झालेल्या या धरणासाठी ज्यांच्या जमिनी पाण्याखाली गेल्या, त्यांतील शेकडो खातेदारांच्या पुनर्वसनाचा प्रश्न पन्नास वर्षे उलटल्यावरही भिजत पडलेला होता. ज्याच्या घरावरून पाणी गेले त्यास पर्यायी जमीन देण्यास शासनाजवळ वेळ नाही आणि त्याच पाण्यासाठी शेकडो कोटींचा नळ टाकण्यास मात्र घाई आहे, हे दृश्य कोणासही संतापजनक वाटावे.

राजकीय पक्षांनी या संतापाचा उपयोग कसा केला हे येथे विस्ताराने सांगण्याचे कारण नाही. पिंपरीच्या सभेत शहराचा पाण्यावरील हक्क सांगायचा आणि वडगावच्या सभेत मावळच्या पाण्याचा एक थेंब जाऊ देणार नाही अशी शपथ घ्यायची, ही कसरत निरनिराळ्या झेंड्यांखाली मतदारांनी पाहिलेली आहे. मात्र या दोन सभांतील भाषा नीट ऐकली तर एक गोष्ट ध्यानात येते. ती भाषा दोन परकी राष्ट्रे एकमेकांशी बोलतात तशी आहे.

तुलना अतिशयोक्त वाटेल, पण ती खरी आहे. १८९५ साली अमेरिकेचे महान्यायवादी जडसन हार्मन यांनी मेक्सिकोबरोबरच्या रिओ ग्रँड नदीच्या वादात असे मत दिले की, आपल्या हद्दीतील पाण्याचा वापर कसा करावा याबाबत अमेरिकेवर कोणतेही बंधन नाही. खालच्या राष्ट्राचे काय होईल हा त्याचा प्रश्न. उगम माझ्याकडे म्हणून नदी माझी, हे तत्त्व तेव्हापासून त्यांच्या नावाने ओळखले जाते. खालचा नेहमी याच्या उलट बोलतो : पूर्वापार मी वापरत आलो, म्हणून नदी माझी. भारताने १९६० च्या सिंधू करारात आणि १२ डिसेंबर १९९६ रोजी बांगलादेशाबरोबर तीस वर्षांसाठी केलेल्या गंगा करारात या दोन टोकांमधली वाट काढण्याचा प्रयत्न केला. पैकी सिंधू करार भारताने एप्रिल २०२५ मध्ये स्थगित ठेवला. म्हणजे देशादेशांत साठ-पासष्ट वर्षे टिकलेली व्यवस्थाही राजकारणाच्या तडाख्यातून सुटत नाही. गंगा करारात फराक्का येथे १ जानेवारी ते ३१ मे या कोरड्या काळात दर दहा दिवसांच्या हिशेबाने कोणास किती क्युसेक पाणी, याचे कोष्टकच घालून दिलेले आहे. मावळ आणि पिंपरी यांच्यामध्ये असे कोष्टक नाही. एकाच जिल्ह्यातील, एकाच पालकमंत्र्याच्या अमलाखालील दोन प्रदेशांना दोन राष्ट्रांइतकाही लेखी आधार नसावा, ही विचार करण्यासारखी गोष्ट होय.

परंतु मावळ विरुद्ध पिंपरी ही या नदीची अर्धीच कथा आहे. पवना दापोडीस मुळेला मिळते, मुळा पुण्यात मुठेला, आणि मुळा-मुठा रांजणगाव सांडस येथे भीमेस. शहराच्या दुसऱ्या अंगाने वाहणारी इंद्रायणी देहू, मोशी, आळंदीवरून जाऊन तुळापुरास भीमेत विलीन होते. तेथून पुढे उजनी, मग पंढरपूर, मग दक्षिण सोलापुरात काही अंतर महाराष्ट्र व कर्नाटक यांच्यामधली सीमारेषा, आणि अखेर रायचूरच्या बाजूस कृष्णा. तेव्हा पिंपरी-चिंचवड हे शहर मावळच्या दृष्टीने खालचे, पण इंदापूर, करमाळा, सोलापूर आणि कर्नाटक यांच्या दृष्टीने वरचे आहे. मावळकडे पाहताना ते समन्यायी वाटपाची भाषा बोलते. सोलापूरकडे पाठ फिरवली की तेच शहर हार्मनसाहेबांचे अनुयायी बनते.

हे कसे, ते समजण्यासाठी कृष्णा पाणीतंटा लवादाच्या निवाड्यातील एका कलमाकडे जावे लागेल. न्यायमूर्ती बच्छावत यांच्या अध्यक्षतेखालील हा लवाद १९६९ साली नेमला गेला, १९७३ साली त्याने आपला अहवाल दिला आणि १९७६ च्या मे महिन्यात अंतिम निवाडा राजपत्रात प्रसिद्ध झाला. ७५ टक्के विश्वासार्हतेचे २,०६० अब्ज घनफूट पाणी त्याने वाटले : महाराष्ट्रास ५६०, कर्नाटकास ७०० आणि तत्कालीन आंध्र प्रदेशास ८००. हे आकडे विद्यार्थ्यांना पाठ असतात. राजकारण्यांना तर त्याहूनही अधिक. महाराष्ट्र कृष्णा खोरे विकास महामंडळ १९९६ साली स्थापन झाले ते ३१ मे २००० या पुनर्विलोकनाच्या तारखेपूर्वी आपला वाटा अडवून घेण्याच्या घाईतून, आणि त्या घाईने राज्याचे काय भले-बुरे केले हा स्वतंत्र लेखाचा विषय आहे. न्यायमूर्ती ब्रिजेशकुमार यांच्या दुसऱ्या लवादाने २०१० साली महाराष्ट्राचा वाटा ६६६ अब्ज घनफूट केला. पण सर्वोच्च न्यायालयाच्या २०११ च्या आदेशामुळे तो निवाडा राजपत्रात येऊ शकला नाही. त्यामुळे बच्छावतांचा निवाडा इतक्या वर्षांनीही अंमल गाजवीत राहिला.

या निवाड्याचे फारसे पाठ न केले जाणारे कलम वापर कसा मोजावा याविषयीचे आहे. शेतीसाठी कालव्यात सोडलेले पाणी शंभर टक्के वापरले गेले असे धरावे, असे लवाद म्हणतो. खोऱ्याबाहेर नेलेले पाणीही शंभर टक्के. मात्र खोऱ्यातील शहरांच्या घरगुती व नागरी पुरवठ्यासाठी उचललेल्या पाण्यापैकी केवळ २० टक्के वापरले गेले असे समजावे आणि कारखान्यांसाठी उचललेल्या पाण्यापैकी केवळ अडीच टक्के. यामागचा विचार सरळ आहे. शेतकऱ्याने उसाला दिलेले पाणी बाष्प होऊन जाते. शहरातला मनुष्य आंघोळ करतो, भांडी घासतो, संडासात पाणी ओततो. यातले बहुतेक पाणी गटारातून पुन्हा नदीलाच मिळते. कारखानाही यंत्रे थंड करतो, धुतो आणि पाणी सोडून देतो. म्हणजे शहर पाणी खात नाही, ते पाणी उसने घेते. ऐंशी टक्के उसनवारी फेडली जाईल या गृहीतावर शहराच्या खाती केवळ वीस टक्के खर्च मांडलेला आहे.

या कलमाचा पिंपरी-चिंचवडच्या संदर्भात हिशेब करून पाहण्यासारखा आहे. पवनेतून शहर रोज सुमारे ५१ कोटी लिटर पाणी उचलते. वर्षाला ते साडेसहा अब्ज घनफूट होते, आणि पवना धरणाची उपयुक्त साठवण साडेआठ अब्ज घनफुटांच्या आसपास आहे. आंद्रा धरणातून रोज १० कोटी आणि भामा आसखेडमधून रोज १६.७ कोटी लिटर पाणी शहरासाठी राखून ठेवण्यात आले. त्याची वार्षिक बेरीज जवळजवळ साडेतीन अब्ज घनफूट. एकूण दहा. बच्छावतांच्या मापाने यातले दोन अब्ज घनफूट खर्ची पडतात आणि आठ परत येतात. महाराष्ट्राने भीमेच्या मुख्य प्रवाहातून १९९०-९१ पासून वर्षाला ९५ अब्ज घनफुटांहून अधिक पाणी वापरू नये, असेही बंधन त्याच निवाड्यात आहे. तेव्हा दहाऐवजी दोनच खर्च दाखविता येणे ही राज्याच्या दृष्टीने लहान सवलत नव्हे. पुणे शहर खडकवासल्याच्या साखळीतून उचलते ते पाणी तर याहून कितीतरी अधिक. त्यासही हीच सवलत.

आता प्रश्न एवढाच की, हे आठ अब्ज घनफूट खरोखर परत येतात काय, आणि आले तर कोणत्या रूपाने? घेतले ते सह्याद्रीच्या माथ्यावरचे निर्मळ पाणी. दिले ते काय, हे पाहण्यासाठी कोणताही अहवाल चाळण्याची गरज नाही. उन्हाळ्यात दापोडीच्या पुलावर उभे राहिले तरी पुरे. महापालिकेने मैलाशुद्धीकरण केंद्रे उभारलेली आहेत आणि त्या बाबतीत तिचे काम राज्यातील अनेक शहरांपेक्षा बरे आहे, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. पण जे नाले केंद्रापर्यंत पोहोचतच नाहीत, ज्या गृहसंकुलांची स्वतःची केंद्रे वीजबिल वाचविण्यासाठी बंद असतात, भोसरी-तळवडे भागातील मुलामा देणाऱ्या लहान कारखान्यांतून जी आम्ले व धातू गटारात जातात, त्यांचे काय? १९५४ साली हिंदुस्थान अँटिबायोटिक्सपासून पिंपरीच्या माळावर कारखानदारी सुरू झाली. १९६२ नंतर औद्योगिक विकास महामंडळाने भूखंड पाडले. पुढे हीच लाट चाकणला गेली. चाकणची नगरपरिषद २०१५ मध्ये झाली. तोवर महाळुंगे, कुरुळी, खराबवाडी, नाणेकरवाडी येथे कामगारांच्या खोल्यांच्या रांगा उभ्या राहिल्या होत्या. गटारयोजना मात्र उभी राहिली नव्हती. आषाढी वारीच्या तोंडावर आळंदीस इंद्रायणीवर पांढऱ्या फेसाचे थर तरंगताना दिसले की सर्वांनाच नदीची आठवण होते. वारी पुढे सरकली की आठवणही पुढे सरकते.

केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने २०१८ साली देशातील प्रदूषित नदीपट्ट्यांची जी यादी केली तीत ३५१ पट्टे होते आणि त्यांतील ५३, म्हणजे कोणत्याही राज्यापेक्षा अधिक, महाराष्ट्रातील होते. पवना, इंद्रायणी, मुळा, मुठा, भीमा ही सर्व नावे त्यात आहेत. या साऱ्यांचे पाणी शेवटी उजनीत साठते. जलपर्णी आणि हिरवट शेवाळ यांनी ग्रासलेल्या या जलाशयातून सोलापूर शहराची तहान भागविली जाते. सोलापूरकरांना दिवसाआड पाण्याचे कौतुक वाटावे अशी तेथील स्थिती. चार-पाच दिवसांनी एकदा पाणी येणे ही तेथे वर्षानुवर्षांची रीत झालेली होती. आणि सोलापूरसाठी उजनीतून भीमेच्या पात्रात सोडलेले पाणी टाकळीच्या उपसा केंद्रापर्यंत पोहोचेतो वाटेत दोन्ही काठांचे, म्हणजे दोन राज्यांचे, पंप त्यावर चालू असतात. म्हणून तेथेही धरणापासून शहरापर्यंत समांतर जलवाहिनीची योजना निघाली. पवनेचीच कथा, दोनशे किलोमीटर खाली.

वर घाण होते म्हणून नळ टाकायचा आणि नळ टाकला की खालच्या घाणीशी आपला संबंध संपला असे मानायचे, ही या साऱ्या योजनांमागची वृत्ती आहे. तिचा शहरालाच कसा फटका बसतो याचे उदाहरण निघोज्याचे. आंद्रा धरणाचे पाणी इंद्रायणीच्या पात्रातून आणून निघोजे बंधाऱ्यावर उचलायचे आणि चिखलीस शुद्ध करायचे, अशी व्यवस्था महापालिकेने केली. निघोजे हे देहूच्या खाली आहे. तळेगाव, देहू आणि नदीकाठच्या वसाहती यांचे सांडपाणी त्या बंधाऱ्याआधीच नदीस मिळते. म्हणजे दापोडीस आपण सोलापूरशी जसे वागतो तसेच निघोज्यास दुसरे कोणी आपल्याशी वागते. या वागणुकीविरुद्ध महापालिका तक्रार कोणत्या तोंडाने करणार?

(आंद्रेची गोष्ट निघाली म्हणून सांगायचे. या नदीचे वरच्या अंगाचे पाणी टाटा कंपनीने ठोकरवाडी येथे अडवून १९२२ पासून घाटाखाली भिवपुरीच्या वीजगृहात सोडले. मुळशीचे पाणीही असेच कोकणात उतरते. त्या धरणाविरुद्ध १९२१ साली सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली झालेला सत्याग्रह सर्वांना ठाऊक आहे. टाटांच्या सर्व धरणांतून वर्षाला सरासरी ४२ अब्ज घनफुटांच्या आसपास पाणी खोऱ्याबाहेर जाते. मावळ-मुळशीचा माणूस पाण्याच्या प्रश्नावर एकाएकी भडकतो असे शहरात म्हटले जाते. शंभर वर्षांच्या या इतिहासात एकाएकी असे काही नाही.)

परतीच्या पाण्याचा दर्जा हा प्रश्न जगाने पूर्वी सोडविलेला आहे, निदान एका ठिकाणी. अमेरिका व मेक्सिको यांच्यामध्ये १९४४ साली झालेल्या करारान्वये कोलोरॅडो नदीचे १५ लाख एकर-फूट पाणी दरवर्षी मेक्सिकोस देण्याचे ठरले. करारात पाण्याचे प्रमाण होते, गुणवत्तेचा शब्द नव्हता. १९६१ साली ॲरिझोनातील वेल्टन-मोहॉक प्रकल्पाने आपल्या शेतजमिनीतून उपसलेले खारट पाणी नदीत सोडण्यास सुरुवात केली आणि सीमेपलीकडे जाणाऱ्या पाण्यातील क्षार दुपटीहून अधिक झाले. मेक्सिकाली खोऱ्यातील पिके जळाली. अमेरिकेचा युक्तिवाद बिनतोड होता : ठरलेले माप आम्ही पुरे करीत आहोत. बारा वर्षांच्या वाटाघाटींनंतर, ऑगस्ट १९७३ मध्ये, दोन्ही देशांच्या सीमा व जल आयोगाने एका टिपणाने असे ठरविले की, मेक्सिकोस मिळणाऱ्या पाण्याची वार्षिक सरासरी क्षारता अमेरिकेतील इम्पीरिअल धरणाच्या पाण्यापेक्षा दशलक्ष भागांत ११५ भागांहून, तीस भागांची सूट धरून, अधिक असता कामा नये. त्यासाठी अमेरिकेने प्रचंड खर्चाचा निःक्षारीकरण कारखाना उभारला. तो फारसा चालला नाही हे खरे, पण खारट पाणी वेगळ्या कालव्याने दूर नेऊन तिने आपला शब्द पाळण्याची व्यवस्था केली. यातली महत्त्वाची गोष्ट अशी की, वरच्याने जे घेतले त्याच्या तुलनेत खालच्यास जे दिले त्याचे मोजमाप ठरले, मोजण्याची जागा ठरली आणि जबाबदारी कोणाची हेही ठरले.

भीमा खोऱ्यात या तिन्हींपैकी एकही गोष्ट ठरलेली नाही. बच्छावत लवादाने वीस टक्क्यांचे गृहीत धरले ते १९७३ साली, जेव्हा पिंपरी-चिंचवड ही नवी नगरपालिका होती. महानगर परिसराची सांडपाण्याची गंगा तेव्हा कोणाच्या स्वप्नातही नव्हती. या गृहीताचा लाभ राज्य घेत राहिले. त्याची किंमत इंदापूर आणि करमाळ्याच्या काठावरचा शेतकरी, उजनीचा मच्छीमार आणि सोलापूरचा नळधारक भरीत आहेत. अर्थशास्त्रात यास बाह्य परिव्यय म्हणतात : उत्पादनाचा असा खर्च की जो उत्पादकाच्या वहीत येत नाही, पण कोणाच्या ना कोणाच्या खिशातून जातोच. पिंपरीत तयार होणाऱ्या मोटारगाडीच्या किमतीत पोलाद असते, वीज असते, मजुरी असते. उजनीचे पाणी पिण्यायोग्य करण्याचा वाढीव खर्च त्यात नसतो.

धोरणाच्या पातळीवर शासनाने काही केले नाही असे नाही, पण जे केले ते वाटपापुरते. २००३ च्या राज्य जलनीतीत पिण्याच्या पाण्यानंतर उद्योग आणि मग शेती असा क्रम होता. मावळच्या गोळीबाराच्याच वर्षी, २०११ मध्ये, शेती दुसऱ्या व उद्योग तिसऱ्या क्रमांकावर आले. २००५ च्या कायद्याने जलसंपत्ती नियमन प्राधिकरण निर्माण झाले. त्याच कायद्याने नदीखोरे अभिकरण म्हणून कोणास मान्यता दिली? धरणे बांधणाऱ्या पाटबंधारे महामंडळांनाच. ज्याने वाटप करायचे त्यानेच तंटा मिटवायचा, आणि नदी स्वच्छ आहे की नाही हे पाहायचे ते मात्र तिसऱ्याच खात्याच्या प्रदूषण मंडळाने. पाणी मोजणारा घाण मोजीत नाही आणि घाण मोजणारा पाणी बंद करू शकत नाही.

म्हणून पहिली सुधारणा हीच व्हायला हवी की, शहराचा पाण्याचा कोटा आणि त्याची परतफेड एका कागदावर यावीत. दापोडी, आळंदी आणि तुळापूर येथे मोजणी केंद्रे असावीत. महापालिकेने व औद्योगिक विकास महामंडळाने किती घेतले, किती व कोणत्या दर्जाचे परत दिले, याचा मासिक ताळेबंद जाहीर व्हावा. आणि परतफेड कमी पडल्यास पुढच्या वर्षीचा वाढीव कोटा आपोआप गोठावा. असे झाले तर महापालिकेस शुद्ध केलेल्या सांडपाण्यासाठी ग्राहक शोधण्याची निकड भासेल. नागपूर महापालिकेने हे करून दाखविलेले आहे. तेथे शुद्ध केलेले सांडपाणी कोराडीच्या वीज केंद्रास जाते आणि तेवढे गोडे पाणी धरणात उरते. पुण्यात मुंढव्याहून शुद्ध केलेले पाणी कालव्यात सोडून त्या बदल्यात धरणाचे पाणी शहरास, असा व्यवहार ठरला; पण कालव्यात येते ते पाणी पुरेसे शुद्ध नसल्याची शेतकऱ्यांची तक्रार राहिली आणि हवेली-दौंडचा शेतकरी अशा योजनांकडे साशंकतेने पाहू लागला. त्याची शंका दूर करण्यासाठी भाषणांचा उपयोग नाही. प्रयोगशाळेचा दाखला दर आठवड्यास गावच्या चावडीवर लागला पाहिजे. चाकणच्या मोठ्या कारखान्यांना गाड्या धुण्यास, रंगशाळेस आणि बागेस पिण्याच्या दर्जाचे पाणी लागतेच असे नाही, हे तेथील अभियंते कोणाहीपेक्षा चांगले जाणतात.

दुसरी गोष्ट मावळची. बंद जलवाहिनीस सरसकट विरोध करण्यात जसा अर्थ नाही, तसा ती पोलिसी बंदोबस्तात रेटण्यातही नाही. धरणग्रस्तांचे पुनर्वसन पुरे झाल्याचा दाखला, उन्हाळ्यात पात्रात सोडावयाच्या किमान प्रवाहाचा क्युसेकमधील आकडा आणि तो न सोडल्यास दाद मागण्याची जागा, या तिन्ही बाबी कराराच्या स्वरूपात लिहून दिल्याखेरीज त्या नळाचा एकही तुकडा जमिनीत जाऊ नये. भामा आसखेडच्या बाबतीत धरणग्रस्तांचे आंदोलन वर्षानुवर्षे चालले, लाभक्षेत्रातील कालव्यांचा बेत मागे पडला आणि अखेर १ जानेवारी २०२१ रोजी पुण्याच्या पूर्व भागास पाणी सुरू झाले. पाणी मिळाले, पण खेड तालुक्याच्या मनात जी अढी बसली तिचा हिशेब कोणत्याही प्रकल्प अहवालात नाही. पवनेवर त्याच चुकीची पुनरावृत्ती करण्याचे कारण नाही. गंगेसाठी परक्या देशाशी करार करता येतो, तर वडगाव मावळच्या पंचायत समितीशी का करता येऊ नये?

आणि शहरानेही हे समजून घ्यावे की, मावळात नदी वाहती राहण्यात त्याचाच स्वार्थ आहे. पात्र कोरडे पडले की त्याचे गटार होते, ते बुजविले जाते, त्यावर भराव घालून बंगले उठतात. गहुंजे-किवळ्याकडे गेल्यास याची सुरुवात कशी होते ते दिसते. मग रावेतच्या बंधाऱ्यावर जे काही येईल ते नदीचे पाणी असणार नाही. नळाने धरणातून पाणी आणता येते. पण पात्रात प्रवाह नसेल तर पावसाळ्याचा पूर कोठून जाणार?

हे सारे वाट पाहू शकते असे शासनास वाटत असेल तर कर्नाटकाकडे पाहावे. कृष्णेच्या वाटपावर आजवर दोन लवाद बसले आणि दोन्हींपुढचे वाद प्रामुख्याने प्रमाणाचे होते. भीमेच्या खालच्या काठावरील विजयपूर व कलबुर्गी जिल्ह्यांनी उद्या असा प्रश्न केला की, महाराष्ट्राच्या शहरांना ऐंशी टक्के परतीची सवलत कोणत्या दर्जाच्या पाण्याबद्दल दिली होती, तर राज्याच्या वकिलांना उत्तर देण्यासाठी आकडे लागतील आणि ते आज गोळा केले तरच तेव्हा असतील. पावसाळ्यात दौंड येथून उजनीकडे किती क्युसेक विसर्ग चालू आहे, हे सोलापूरची वृत्तपत्रे रोज पहिल्या पानावर चौकटीत छापतात. त्याच चौकटीत, त्याच दिवशी, त्याच पुलाखालच्या पाण्यात विरघळलेला प्राणवायू किती होता याची एक ओळ वाढविण्यास जागा फारशी लागणार नाही.